सूप आणि समीक्षा

वास्तववाद आणि स्वच्छंदतावाद यांतला फरक शेटेआप्पा असा सांगतात: "आभाळ भरून आलं म्हंजे खळ्यावरची ज्वारी इसरून वर बघत बसतो तो स्वच्छंदतावादी, अन् जो ताडपत्री हुडकतो तो वास्तववादी. पुढं चला."

वर्गात हे ऐकून पोरं हसतात आणि परीक्षेत अगदी हेच लिहून येतात. तपासणारे बाहेरचे मास्तर मग आमच्या कॉलेजला नावं ठेवतात. आप्पांना त्याचं काही सोयरसुतक नाही. "त्या मास्तरांनी कधी ज्वारी काढली न्हाई, त्याला मी काय करू?" एवढंच ते म्हणतात.

मन्मथ शेटे आमच्या घाटनांदूरच्या कॉलेजात मराठी शिकवतात. घरचं किराणा दुकान धाकट्या भावाकडे सोपवून ते साहित्यात आले. मी वाणिज्य शिकवतो आणि त्यांच्या भिंतीला भिंत लावून राहतो. या दोन गुन्ह्यांबद्दल मला जी शिक्षा झाली ती म्हणजे आप्पांचं पुस्तक. विद्यार्थ्यांसाठी मराठी साहित्याच्या इतिहासाची आणि समीक्षेची सोपी ओळख करून देणारं हे पुस्तक मी कॉलेजात लागलो तेव्हाही 'संपतच आलेलं' होतं.

ते संपत नव्हतं याचं कारण महानंदाकाकू. आप्पांच्या मंडळी सातवीपर्यंत शिकलेल्या, आणि आप्पांचा नियम असा की जे महानंदाला कळत नाही ते पुस्तकात जात नाही. रोज संध्याकाळी काकू ओट्यावर सुपात ज्वारी निवडत बसायच्या आणि आप्पा समोर खुर्ची टाकून वाचायचे. वाचता वाचता सगळं लक्ष त्यांच्या हाताकडे. सुपावरचा हात थांबला म्हणजे मजकूर जमला. हात भराभर चालायला लागला की आप्पा तिथंच पान फाडायचे.

"आवं, निम्मं तरी वाचा," काकू म्हणायच्या.

"कशाला? तुझं मन खड्यात गेलं."

काकूही काही कमी नव्हत्या. अभिजात साहित्य म्हणजे काय, हे आप्पांनी दोन पानं भरून लिहिलं तेव्हा त्यांनी सूप खाली ठेवलं. म्हणाल्या, "लोणच्यागत हाय की. मुरलं ते अभिजात, बुरशी धरली ते नुसतं जुनं." आप्पांनी दोन्ही पानं चुलीत घातली आणि हे वाक्य ठेवलं. वर मला म्हणतात कसे, "जाधव, बघा, मी किती सोपं लिहितो!"

यंदा मात्र सगळं एकदम घाईवर आलं. अभ्यासक्रम बदलला आणि अंबाजोगाईच्या प्रकाशकानं निर्वाणीचं सांगितलं, "सोमवारपर्यंत शेवटचं प्रकरण आलं तर ठीक, नाहीतर मी दुसऱ्याचं पुस्तक छापतो. परत तुमचं छापणं होणार नाही." आणि नेमक्या त्याच वेळी काकू पुण्याला. मुलीचं बाळंतपण. खरं तर मुलीनं माहेरी यायचं, पण तिची नोकरी तिकडे, म्हणून माहेरच पिशव्या बांधून तिच्याकडे गेलं.

आप्पांची पार रया गेली. एकच सदरा तीन-तीन दिवस. स्वयंपाक म्हणजे खिचडी, आणि तीही कुकरवर रुसून केल्यासारखी. ऐकायला कुणी नाही म्हणून त्यांनी पर्यायी श्रोते शोधले. न्हाव्याच्या खुर्चीत बसून त्यालाच प्रकरण वाचून दाखवलं. त्या बिचाऱ्याचा वस्तरा आप्पांच्या गालावर, तो सारखा "बरोबर हाय सर, हलू नका" म्हणत राहिला. मग माझ्यावर पाळी आली. मी ऐकून "फारच छान" म्हणालो.

"का म्हून छान?" आप्पांनी विचारलं.

"म्हणजे... सगळंच छान आहे," मी म्हणालो.

"ऱ्हाऊ द्या. तुमचं डोकं बी चांगलं हाय अन् मन बी चांगलं हाय. पण तुमी लवकर हो म्हणता."

पुण्याला फोन लावून वाचायचाही प्रयत्न झाला. पण काकूंच्या मांडीवर नातू, त्यामुळे फोन गादीवर पडलेला. आप्पांना पडद्यावर फक्त तिथला छताचा पंखा दिसायचा. पंख्याकडे बघून माणसानं काय ठरवावं? शिवाय काकू दर वेळी काहीतरी खोट काढायच्याच. "मधलं कळलं न्हाई," "शेवट घाईत केलाय." आप्पा परत लिहायला बसायचे.

रविवारी संध्याकाळी मी जाऊन धडकलोच. प्रकरण टाइप करून माझ्याच मोबाइलमध्ये होतं, नुसतं पाठवायचं बाकी. आप्पा म्हणाले, "एक डाव तिला ऐकवू, मग बघू." त्यांनी आपल्या मोबाइलवरून पुण्याला फोन लावला. पंखा दिसला. आप्पांनी पहिल्यापासून शेवटपर्यंत वाचलं.

"कळलं की," काकू म्हणाल्या.

"समदं?"

"समदं. लई चांगलं झालंय. थांबा, पोरगं उठलं वाटतं."

मी आनंदानं उठलोच. म्हटलं, सुटलो एकदाचे! आप्पांकडे बघतो तर चेहरा उतरलेला. त्यांनी आपला मोबाइल खाटेवरच्या उशीवर पालथा घातला आणि खुर्चीत मागं टेकून बसले.

"जाधव, नका पाठवू."

आता मात्र माझं डोकं फिरलं. "आप्पा, अहो सगळा जन्म घातलात त्यात. उद्या तो दुसऱ्याचं छापेल. काकू हो म्हणाल्या, आणखी काय पाहिजे तुम्हाला?"

"ती हो म्हणली हेच तर." आप्पा हळूच म्हणाले, "लगीन झाल्यावर कैक वर्षं आमचं बोलणं म्हंजे मीठ संपलं, गॅस संपला. मी कॉलेजात, ती चुलीपाशी. पहिल्या डावाला मी पान वाचून दाखवलं अन् ती म्हणली, हे साफ चूक हाय. तवापास्नं आमी बोलतो. ती तिकडं गेली, तरी पुस्तक होतं. आता हे बी संपल्यावर मी फोन लावून इचारू काय? जेवलीस का? मला घर खायला उठतंय जाधव, अन् हे तिला सांगायचं कसं, ते मला येत न्हाई."



"आवं," उशीतून आवाज आला.

फोन बंद करायचा राहिला होता. आप्पांनी दचकून तो उचलला. या खेपेला पंखा नव्हता, काकू होत्या, खांद्यावर नातू.

"जाधव भाऊजी, द्या ते पाठवून," त्या मला म्हणाल्या. आप्पांकडे न बघता मी पाठवून दिलं. "गेलं का? बरं झालं." मग आप्पांना म्हणाल्या, "आवं, उद्याच्याला पहिलं प्रकरण काढून ठेवा. लई चुका हायत त्यात. सुधारित आवृत्ती काढावी लागंल."

आप्पांनी चष्मा काढून सदऱ्याला पुसला. नाक ओढलं. मग एकदम मास्तरकीचा आवाज लावून म्हणाले, "चुका? कोणत्या चुका? आत्ताच्या आत्ता सांग."

"एक सांगते. बाकीच्या रोज थोड्या थोड्या," काकू म्हणाल्या. "समद्या आजच सांगून कसं भागंल? मला हितं अजून लई दिवस ऱ्हायचंय."