तीन पिशव्या, तीन खिडक्या

तपासनीसांनी लॉनच्या खताच्या पिशवीवर पट्टी ठेवून पेन्सिलीने चौकोन आखला आणि बायकोच्या कापड कापायच्या कात्रीने तो कापायला घेतला. बायको टेबलाच्या दुसऱ्या टोकाला वाटाणे सोलत बसली होती. कात्री तिची होती, त्यामुळे तिचं लक्ष वाटाण्यांत नव्हतं.

"रिकाम्या झाल्यावर कापल्या तर नाही का चालणार?" तिने विचारलं.

"योजना शुक्रवारी संपतेय. टपालाचा शिक्का त्याच्या आतला हवा."

"मग खत आज टाकू. उद्या कापा."

"आणि उद्या काही राहिलं तर? शेवटच्या दिवशी आलेल्या दाव्याकडे आम्ही कसे बघतो, ते तुला सांगायला नको."

ते तिला खरंच सांगायला नको होतं. तपासनीस एका विमा कंपनीत दावे तपासायचं काम करत. दावा नामंजूर करताना ते कधी आवाज चढवत नसत. कुठला कागद कमी आहे तेवढं सांगत. एका जळालेल्या दुकानाचा दावा त्यांनी परत पाठवला होता, कारण जळालेल्या दुकानाच्या फोटोवर तारीख नव्हती. दुकानदाराने पुन्हा फोटो काढायला जावं तर तिथे नवं दुकान उभं राहिलं होतं. तपासनीसांना त्याचं वाईट वाटलं होतं, पण तारखेचंही वाटलं होतं.

आता आयुष्यात पहिल्यांदा ते स्वतः दावा करत होते. बागेची उत्पादनं बनवणाऱ्या कंपनीने परताव्याची योजना काढली होती. लॉनसाठीच्या तीन पिशव्या एकदम घ्यायच्या, प्रत्येक पिशवीवरचा कोड कापायचा, मूळ बिलासोबत पाठवायचा, की किमतीतला एक हिस्सा परत. घरात गरज फक्त खताची होती. त्यासोबत मातीसुधारक आला आणि फरशीच्या फटींतलं गवत समूळ मारणारं तणनाशकही आलं. त्यांच्या अंगणात फरशी नव्हती.

"कोड तर एवढासा आहे," बायको म्हणाली. "तुम्ही अर्धी पिशवी कापताय."

"चारी बाजूंना चार बोटं जागा सोडलीय. उद्या कुणी म्हणायला नको की कडा अपुरी आहे. शिवाय तिन्ही तुकडे एका मापाचे असले की तपासणाऱ्याला बरं पडतं."

पिशव्यांना आतून जाड पारदर्शक अस्तर होतं, त्यामुळे एक दाणाही सांडला नाही. तिन्ही पिशव्यांना खिडक्या पडल्या. तपासनीसांनी तुकडे चापून-चोपून एकावर एक ठेवले, अर्ज भरला, बिलाची झेरॉक्स काढून घेतली आणि दुसऱ्याच दिवशी सगळं रजिस्टर पोस्टाने रवाना केलं. पोस्टातून परतताना त्यांची चाल जरा रुबाबदार झाली होती.

खताची घाई होती, आणि तिला कारण होतं. घर भाड्याचं होतं. लग्नानंतरचं पाचवं. आधीच्या चारही स्वयंपाकघरांत तपासनीसांची बायको भिंतीकडे, नाहीतर शेजाऱ्यांच्या पाण्याच्या टाकीकडे तोंड करून उभी राहिली होती. या घरात ओट्यासमोर रुंद खिडकी होती आणि खिडकीबाहेर लॉन. इथे आल्यापासून तिच्या हातून दूध उतू जायला लागलं होतं आणि तिला त्याचं काही वाटत नव्हतं. घरमालकीणबाई मुलाकडे दुसऱ्या गावी राहत. करारात त्यांनी हौसेने दोन अटी घातल्या होत्या. लॉन हिरवं ठेवायचं, आणि मागच्या शेडमधल्या कुलूपबंद कपाटाला हात लावायचा नाही. महिनाअखेर करार संपत होता. बाई स्वतः येऊन लॉन बघणार आणि मग पुढचं ठरवणार होत्या. आणि गेल्या दोन महिन्यांत लॉन जुन्या टॉवेलच्या रंगाचं झालं होतं.

रविवारी सकाळी तपासनीस हातमोजे घालून अंगणात आले. तिन्ही पिशव्या शेडच्या भिंतीला टेकून उभ्या होत्या. तिन्ही हिरव्या. तिन्हींवर गवतात बसून हसणारं तेच कुटुंब. मागच्या बाजूला कंपनीचा तोच पत्ता. खालच्या कोपऱ्यात, जिथे कोड होता आणि कोडाच्या वर उत्पादनाचं नाव होतं, तिथे तिन्हींना सारखी खिडकी होती. खिडकीतून सारखेच राखाडी दाणे दिसत होते.

तपासनीस बराच वेळ उभे राहिले. तेवढ्यात स्वयंपाकघराची खिडकी उघडली.

"काय झालं?"

"काही नाही."

"मग टाका की."

"खत कुठलं ते बघतोय."

बायको बाहेर आली. तिने तिन्ही पिशव्या पुढून पाहिल्या, मागून पाहिल्या, मग एकेक उघडून वास घेतला. तिन्हींना औषधाच्या दुकानासारखा वास येत होता.

"कापताना खूण नाही केलीत?"

"मी तुकड्यांकडे बघत होतो," तपासनीस म्हणाले. त्यात खोटं काही नव्हतं. त्यांच्या धंद्यात मोडलेली गाडी, जळालेलं दुकान कधी दिसत नाही. दिसतो तो पुरावा. पुरावा त्यांनी अत्यंत काळजीने सांभाळला होता.

"यातली एक पिशवी गवत मारणारी आहे," बायको म्हणाली.

"समूळ," तपासनीस म्हणाले. नेमकेपणा त्यांना सोडवत नसे.

पिशव्या जिथून घेतल्या त्या दुकानदाराकडे तिन्हींतले दाणे तीन डब्यांतून नेले. त्याने ते तळहातावर घेतले, उजेडात धरले आणि म्हणाला, "पिशवीवर लिहिलेलं असतं बघा. कोडाच्या वरच." दाणे दहा दिवसांत परिणाम दाखवतात, एवढी माहिती मात्र त्याने दिली.

"एक नवी खताची पिशवी घेऊन टाका ना," बायको घरी म्हणाली. "विषय संपेल."

"घरात खत असताना? मग परतावा कशाला मागितला?"

यावरचं उत्तर तिने पुढे कधीतरी उपयोगी पडेल म्हणून राखून ठेवलं.

सोमवारी जेवणाच्या सुट्टीत तपासनीसांनी कंपनीला फोन लावला. एका मुलीने पिशवीवरचा कोड विचारला. तो तुमच्याकडेच आहे, असं त्यांनी सांगितल्यावर तिने फोन परतावा विभागाला जोडला. तिथला माणूस सावकाश बोलणारा होता. असा आवाज तपासनीसांनी पूर्वी कुठेतरी ऐकला होता. पुढे लक्षात आलं, तो त्यांचाच होता.

"आपला दावा मिळाला," तो माणूस म्हणाला. "फार सुरेख आहे."

"ते तुकडे परत मिळतील का?"

"दावा मागे घेतलात तर मिळतील. लेखी कळवावं लागेल."

"आणि मिळाले, तर कुठला तुकडा कुठल्या पिशवीचा ते ओळखता येईल?"

पलीकडे कागदांचा आवाज झाला. "एरवी आलं असतं. लोक हाताने फाडतात हो. मग फाटलेल्या कडा जुळतात. आपले तिन्ही एका मापाचे आहेत, केसाचाही फरक नाही. कालच मी आमच्या नव्या मंडळींना दाखवले. म्हटलं, दावा असा हवा."

तपासनीसांनी आभार मानले आणि फोन ठेवला. त्या आभारांत थोडा खरेपणा होता, हे त्यांनी बायकोला सांगितलं नाही.

मार्ग शेवटी बायकोनेच काढला. "तीन कोपऱ्यांत चिमूट चिमूट टाकून बघा. मी साबण असाच निवडते."

तपासनीसांनी पिशव्यांवर एक, दोन, तीन असे आकडे घातले आणि लॉनच्या मागच्या कडेला तीन चौकोन आखून प्रत्येकात एकेक प्रकार टाकला. दहा दिवसांनी एक नंबरचा चौकोन गर्द हिरवा झाला, दोन नंबरचा होता तसाच राहिला आणि तीन नंबरचा जळून तपकिरी पडला.

"झालं तर," बायको म्हणाली. "एक नंबर. आजच पसरा."

तपासनीस उकिडवे बसून हिरव्या चौकोनाकडे बघत होते. "या जागी सकाळचं ऊन येतं."

"बरं मग?"

"उन्हाने हिरवा झाला नसेल कशावरून? एका पुराव्यावर मी सायकल चोरीचा दावासुद्धा मंजूर करत नाही. चुकलं, तर सगळं लॉन जाईल. लॉन गेलं की घर गेलं. तुझी खिडकी गेली."

खिडकीचं नाव काढल्यावर ती गप्प बसली. हीच चूक झाली, असं तिने नंतर सांगितलं. तपासनीसांनी दुसरी चाचणी लॉनच्या ऐन मध्यावर घेतली, कारण तिथे ऊन सगळीकडे सारखं होतं. दोऱ्या ताणून नऊ चौकोन आखले. प्रत्येक नंबर तीनदा, आणि एकसारखे दोन शेजारी येणार नाहीत अशा बेताने. "महिनाअखेरच्या आत निकाल हातात, शिवाय खत पसरायला वर चार दिवस," ते म्हणाले.

ते चार दिवस घरमालकीणबाईंनी घेतले. मुलाला गाडीने इकडेच यायचं होतं, म्हणून त्या चार दिवस आधी निघाल्या. निरोप आला तेव्हा नऊ चौकोनांचा निकाल लागलेला होता. तीन गर्द हिरवे, तीन जळालेले, तीन टॉवेलसारखे. कडा पट्टीने मारल्यासारख्या सरळ. स्वयंपाकघराच्या खिडकीतून लॉनवर कुणीतरी मोठा सोंगट्यांचा पट मांडल्यासारखा दिसत होता.

"निष्कर्ष तोच निघाला," तपासनीस म्हणाले. "एक नंबर."

"मी माळ्यावरून खोकी काढते," बायको म्हणाली, आणि तिने खरोखरच काढली. काचेची भांडी आधी बांधायची असतात, हे तिला चार घरांच्या अनुभवाने ठाऊक होतं.

घरमालकीणबाई घरात न शिरता थेट बाजूने अंगणात गेल्या. सत्तरीच्या, ताठ, हातात पर्स. लॉनच्या कडेला त्या थांबल्या. तपासनीस त्यांच्या मागोमाग आले. बायको मागच्या पायरीवर ओल्या हातांनी उभी होती.

"हे काय आहे?" बाईंनी विचारलं.

"चाचणी," तपासनीस म्हणाले. "दुसरी. पहिली त्या कडेला आहे."

बाईंनी कडेकडे पाहिलं. मग त्यांची नजर शेडच्या भिंतीकडे गेली, जिथे एक, दोन, तीन अशा आकड्यांच्या पिशव्या ओळीने उभ्या होत्या. त्या पुढे गेल्या, वाकल्या आणि एका पिशवीच्या खिडकीत बोट घालून अस्तर दाबून पाहिलं. वळल्या त्या तपासनीसांकडे नाही, त्यांच्या बायकोकडे.

"तुमचेही कापतात?"

"हो," बायको म्हणाली. "भरलेल्याच."

बाईंनी पर्समधून किल्ली काढली. शेडमध्ये जाऊन ते कुलूपबंद कपाट उघडलं आणि बाजूला झाल्या. आत वेगवेगळ्या कंपन्यांच्या, वेगवेगळ्या वर्षांच्या पिशव्या खालपासून वरपर्यंत रचलेल्या होत्या. प्रत्येकीच्या खालच्या कोपऱ्याला भोक होतं.

"कुठली काय आहे ते आमच्या यांना पाठ होतं," बाई म्हणाल्या. "हे गेले तेव्हापासून तशाच आहेत. लॉनवर टाकायची भीती वाटते, टाकून द्यायचीही. कचऱ्यात टाकावं तर कचरेवाला विचारतो, यात काय आहे. काय सांगू?"

तपासनीस कपाटात वाकून भोकांच्या कडा बघत होते. "हाताने फाडलंय," ते हळूच म्हणाले.

"त्यांना सगळ्याची घाई असायची."

"बरं केलं," तपासनीसांची बायको म्हणाली. "फाडलेलं निदान जुळतं."

बाई पुन्हा बाहेर आल्या आणि नऊ चौकोनांकडे आधीपेक्षा जास्त वेळ पाहत राहिल्या. "मला वाटत होतं हे कोडं कुणालाच सुटणार नाही. तुम्ही या कपाटाचंही असं करून द्याल का? असं मध्यावर नका करू, मागच्या कडेला करा. दोन वर्षं लागली तरी चालतील."

"पिशव्या भरपूर आहेत," तपासनीस म्हणाले. "प्रत्येकीचे दोन पुरावे धरले, तर तीन वर्षं लागतील."

"तीन वर्षांचा करार करू," बाई म्हणाल्या. "तोवर लॉनचंही बघा काहीतरी."

त्या चहा घ्यायला आत गेल्या. बायकोने त्यांच्यासाठी खोक्यातून कप बाहेर काढले, आणि ते पुसताना तिच्या हातून दूध उतू गेलं.

एक नंबरची पिशवी तपासनीसांनी कपाटाच्या चाचण्यांसाठी नमुना म्हणून राखून ठेवली. परतावा त्यानंतर तीन आठवड्यांनी आला. एकही शंका न काढता मंजूर. तपासनीसांनी पत्र दोनदा वाचलं आणि त्यांना जरा लागलंच. एवढा दावा, आणि कुणी एक प्रश्नही विचारला नव्हता. परतावा रोख नव्हता. त्याच कंपनीच्या खताच्या एका पिशवीचं कूपन होतं. पत्राच्या तळाशी नव्या योजनेची माहिती होती. याही पिशवीचा कोड कापून पाठवायचा होता. कूपन त्यांनी स्वयंपाकघरातल्या कपाटाच्या दारावर चिकटवलं आणि शनिवारी पट्टी घेऊन दुकानात जायचं ठरवलं.

शुक्रवारी संध्याकाळी ते ऑफिसातून आले तेव्हा कूपन दारावर नव्हतं. लॉन ओलं होतं आणि त्यावर सगळीकडे सारखे राखाडी दाणे पसरले होते. स्वयंपाकघरातल्या टेबलावर हिरवी पिशवी ठेवलेली होती. रिकामी, धुतलेली, पुसून कोरडी केलेली, चारही कोपरे शाबूत. पिशवीवर कात्री होती.

"हं," बायको खिडकीतून बाहेर बघत म्हणाली. "आता कापा."