वाद असल्याचा दाखला

घड्याळजींच्या शेताचे चार विखुरलेले तुकडे शासनाने एकत्र केले, ही गोष्ट चांगलीच झाली. सगळी जमीन एका जागी आली. फक्त त्यांची विहीर नऊ फूट बाहेर राहिली. नकाशावरची रेघ अलीकडून गेली आणि विहीर शेजाऱ्याच्या हद्दीत जाऊन बसली. शेजारी परका नव्हता. घड्याळजींची एकुलती लेक त्याच्याच घरात दिलेली, म्हणजे व्याहीच.

व्याही म्हणाले, आजवर पाणी घेत होतात तसेच घ्या, रेघेला कोण विचारतो? शहाणा माणूस इथे गप्प बसला असता. पण ज्याने जन्मभर अर्ध्या मिनिटाने मागे पडणारी घड्याळे ताळ्यावर आणली, त्याला नऊ फूट चुकलेली रेघ कशी पचावी? दोघे व्याही जोडीने एकत्रीकरण कचेरीत गेले.

अधिकाऱ्याने अर्ज वाचून दोघांकडे आळीपाळीने पाहिले. "तुमच्यात वाद काय आहे?"

"काहीच नाही, साहेब," घड्याळजी म्हणाले.

"मग मला अधिकार नाही. वाद असेल तरच नकाशाला हात लावता येतो. वाद घेऊन या."

वकिलाने वाद लिहून दिला. त्यात व्याह्यांनी विहीर कपटाने गिळंकृत केली होती. ते वाक्य वाचून व्याह्यांना हसता हसता ठसका लागला आणि घड्याळजींनीच त्यांची पाठ चोळली.

आता वाद आहे हे अधिकाऱ्याने मान्य केले आणि म्हणूनच हात झटकले: मालकीचा वाद दिवाणी न्यायालयाचा. दिवाणी न्यायालय म्हणाले, एकत्रीकरणाचा विषय आम्हाला वर्ज्य. प्रकरण वरच्या न्यायालयात गेले, ते विहीर कोणाची हे ठरवायला नव्हे, तर ते कोणी ठरवायचे हे ठरवायला. तिथे एका दक्ष न्यायमूर्तींना शंका आली की मुळात वाद खरा आहे का, ते आधी पाहावे.

निरीक्षक येऊन पाहून गेला. त्याने अहवाल दिला: "पक्षकार एकाच बाकावर चहा पिताना आढळले. वादीने प्रतिवादीस 'व्याहीबुवा, साखर पुरे का?' असे विचारले. वादाचे अस्तित्व संशयास्पद."

वकिलाने दोघांना फैलावर घेतले. खोटा दावा म्हणजे शिक्षा. आजपासून बोलणे बंद, जाणेयेणे बंद. लेकीनेही निकालापर्यंत माहेरी पाऊल टाकायचे नाही, पुराव्याला बाधा येते. थोड्या दिवसांचा तर प्रश्न होता.

थोडे दिवस म्हणजे अकरा वर्षे. पहिल्या वर्षी दोघे रस्त्यात भेटले की तोंड फिरवून हसू दाबत. दुसऱ्या वर्षी दाबायला हसू उरले नाही. तिसऱ्या वर्षी व्याह्यांनी विहिरीला कुंपण घातले, केवळ पुराव्यासाठी. चौथ्या वर्षी घड्याळजींनी ते उपटले, तेही पुराव्यासाठीच. लेक त्यांच्या घड्याळदुरुस्तीच्या दुकानावरून जाताना पायरीशी थबकायची. घड्याळजी डोळ्याला भिंग लावून मान खाली घालायचे. त्यांना फार वाईट वाटायचे, पण समोरच्या चहाच्या टपरीवर निरीक्षक बसलेला असू शकत होता. पुढच्या तपासणीत शेरा आला: वाद अस्सल आहे.

मग निकाल लागला. एकशे बारा पानांचे सार असे, की हा वाद ऐकण्याचा अधिकार कोणालाच नाही. मात्र पक्षकारांना आपसांत रेघ नऊ फूट सरकवायला कायद्याची कधीच हरकत नव्हती. एका साध्या कागदावर दोन सह्या पुरे.

घड्याळजी कागद घेऊन व्याह्यांच्या दारात गेले. दार लेकीने उघडले. आतून व्याह्यांनी विचारले, "कोण आहे?"

बापाकडे पाहतच ती म्हणाली, "वादी आलेत."

व्याह्यांनी बाहेर येऊन कागद वाचला, घडी घालून परत दिला. "सही केली तर अकरा वर्षं मी खोटं भांडलो असं होईल," ते म्हणाले आणि आत गेले. खरे तर घड्याळजींनीही अजून आपली सही केलेली नव्हती.

या दोघांना मूर्ख ठरवण्याचा वाचकाला पूर्ण अधिकार आहे. फक्त ज्या आपल्या माणसाशी त्याचे स्वतःचे बोलणे बंद आहे, ते मुळात किती फुटांवरून, एवढे त्याने आधी आठवून पाहावे.