पुण्याकडे तोंड केलेला पंख

वारा कोणाच्याच मालकीचा नसतो, म्हणूनच त्याच्यासाठी समिती नेमावी लागते. हे तत्त्व गिरगावातल्या एका चाळीने १९५८ साली ओळखले आणि ‘वायुप्रवाह संशोधन समिती’ स्थापन केली. अध्यक्ष निवृत्त हेडक्लार्क गंगाधरपंत, चिटणीस रघुवीरराव, आणि सभासद एकोणीस. यांपैकी एकही जण कधी विमानात बसलेला नव्हता, त्यामुळे समितीचे मत पूर्वग्रहापासून मुक्त होते.

संशोधन मात्र एकटा सभासद अच्युत त्रिलोकेकर करी. आठवडाभर तो विमा कंपनीत टाइपरायटर बडवी आणि रविवारी विमानाच्या पंखाचा अभ्यास करी. दोन चाळींमधल्या बोळात दुपारी समुद्राचा वारा असा घुसे की वाळत घातलेले पापड शेजारच्या आळीत जाऊन वाळत. परदेशात असा वारा निर्माण करायला म्हणे बोगदे बांधून मोठमोठे पंखे बसवावे लागतात. इथे तो भाड्यातच मिळे. अच्युतने बांबूच्या कामट्यांवर रेशीम ताणून पंख केला, त्याची पुढची कड जराशी उचलून धरली, आणि तो वाण्याच्या तराजूच्या एका बाजूला बसवला. वारा पंखाला जितका उचली, तितकी वजने दुसऱ्या पारड्यातून काढायची. पंखावरून हवा कशी वाहते ते दिसावे म्हणून समोर उदबत्त्या धरायच्या (एका प्रयोगाला चार, पाचवी अध्यक्षांच्या देवघरात, अध्यक्षीय अधिकारात). वाऱ्याचा वेग मोजायला दोरीवर रघुवीररावांचे धोतर होते. ते तीस अंश उचलले तर वारा मंद, साठ अंश उचलले तर जोरदार. धोतर दिसेनासे झाले तर प्रयोग थांबवून सर्व सभासदांनी धोतर शोधायचे, असा नियम होता.

निकाल पाहून अच्युतला दोन रात्री झोप लागली नाही. एकशे वीस तोळ्यांचा पंख भर वाऱ्यात ऐंशी तोळे भरत होता. त्याने बंगळूरच्या एका प्रयोगशाळेला लिहिले. उत्तर आले: स्थानिक संस्थेच्या अध्यक्ष-चिटणिसांच्या सह्यांनिशी आकडे एकतीस मार्चपूर्वी पाठवा, आकडे खरे असतील तर मदतनिसाची जागा तुमची. वयोमर्यादा अठ्ठावीस. जुलैत अच्युत एकोणतिशीत जाणार होता.

तेवीस मार्चला सभा भरली. गंगाधरपंतांनी सहीसाठी पेन उघडले, एवढ्यात रघुवीररावांना शंका आली.

“हा वारा येतो कुठून रे, अच्युत?”

“वायव्येकडून.”

“वायव्येला काय आहे?”

“समुद्र.”

“आणि समुद्रापलीकडे?”

समुद्रापलीकडे सौराष्ट्र होते. बाहेर भिंतीवर ‘मुंबईसह संयुक्त महाराष्ट्र झालाच पाहिजे’ ही अक्षरे रघुवीररावांनी स्वतः गेरूने काढली होती, आणि आत त्यांच्याच धोतरात मराठी-गुजराती द्वैभाषिकाचा वारा भरत होता.

“म्हणजे मी त्या वाऱ्याला सर्टिफिकेट देऊ?” गंगाधरपंतांनी पेन बंद केले. “आपलं त्या लोकांशी वैर नाही. वाऱ्याशीही नाही. पण सही म्हणजे मान्यता!”

“पंत, वाऱ्याला कसलं राज्य?”

“तेच तर दिल्लीवालेही म्हणतात!”

यावर टाळ्या पडल्या. जूनमध्ये नैऋत्येचा वारा येईल, तो कोकणच्या अंगाचा असल्याने त्यावर बिनशर्त सही देऊ, अशी तडजोड पुढे आली. जून एकतीस मार्चनंतर येतो, हे अच्युतने नम्रपणे निदर्शनास आणले. त्याची नोंद घेण्यात आली.

दारात उभ्या असलेल्या त्याच्या बायकोला, सरोजिनीला, हे सहन होईना. “मग असं करा ना,” ती म्हणाली, “वारा फिरत नाही तर पंखच फिरवा! करा त्याचं तोंड पुण्याकडे!”

सभा थक्क झाली. असा सोपा उपाय एकवीस पुरुषांना सुचला नव्हता. इतिवृत्तात लिहिले गेले: ‘सूचक, सौ. त्रिलोकेकर (उपहासाने). अनुमोदक, सर्वजण.’

“अहो, मी चेष्टा करत होते,” सरोजिनी अच्युतच्या कानाशी म्हणाली. “सांगा ना त्यांना.”

“आत्ता नको,” अच्युत म्हणाला. “सगळ्यांचं एकमत झालंय.”

आणि त्यानेही हात वर केला.

पुढच्या रविवारी, तीस तारखेला, पंख आग्नेयेला तोंड करून बसला आणि वारा त्याच्या पाठीवर आदळू लागला. सतरा वेळा मोजले. एकशे वीस तोळ्यांचा पंख सतराही वेळा एकशे साठ भरला. समितीने आकड्यांखाली आनंदाने सह्या केल्या आणि अहवाल मुदतीत रवाना झाला.

बंगळूरचे पत्र तीन ओळींचे होते. विमानाला जमिनीशी इतक्या निष्ठेने दाबून धरणारा पंख आमच्या पाहण्यात नाही, जागा भरली आहे, आपल्याला शुभेच्छा.

अध्यक्षांनी ते खास सभेत वाचून दाखवले. “ऐकलंत? मुंबईचं विमान मुंबई सोडून जातच नाही! हे बंगळूरने लेखी दिलंय!” अच्युतच्या अभिनंदनाचा ठराव मांडण्यात आला. हात मोजले तेव्हा बावीस भरले. सभेला एकवीस जण हजर होते. अच्युतने दोन्ही वर केले होते.

ज्यांना हे वाचून हसू आले असेल, त्यांनी आपापल्या संस्थेच्या मागच्या सभेचे इतिवृत्त काढून पाहावे. खाली आपली सही सापडेल. वर काय लिहिले आहे ते वाचायचे तेव्हा राहून गेले असेल, तर आता सावकाश वाचावे. घाई नाही, ठराव केव्हाच लागू झाला आहे.