नबीलाल हवालदाराची गॅस एजन्सी

"बाई, एकतर धूर सोडा, न्हायतर डोळं सोडा," असं कोल्हापुरातल्या डॉक्टरांनी जरीनाला तोंडावर सांगितलं, त्याच महिन्यात मलकापूरच्या गॅस एजन्सीसाठी तिच्या नवऱ्याची, नबीलाल हवालदाराची निवड झाली. एजन्सी माजी सैनिकासाठी राखीव होती. यादीत नबीलाल पहिला आणि त्याच्याच पलटणीतला बाळासो दुसरा. "आता गावातली पहिली शेगडी तुझी," असं नबीलालनं बायकोला वचन दिलं. पेन्शनीतली शिल्लक घालून त्यानं गावाबाहेर गोडाऊन बांधलं आणि भिंतीवर लाल अक्षरांत लिहून घेतलं, 'आत विस्तव आणू नये'.

इथवर सगळं सरळ होतं. पण आपल्याकडे मटणाचं जेवण घातल्याशिवाय इमारतीला इमारत म्हणत नाहीत, आणि आषाढ तर संपत आलेला. बाहेर पाऊस धो धो कोसळत होता. नबीलालनं गोडाऊनच्या आतच तीन चुली मांडल्या.

"अहो, आत जाळ नगा करू," जरीना म्हणाली.

"गॅस कुटं आलाय अजून? रिकामं तर हाय!"

अख्खं गाव जेवलं. बाळासो सर्वांत जास्त जेवला, शिवाय फोटोग्राफरही घेऊन आला. "आठवण ऱ्हाईल की! नबीलाल, हंड्याजवळ हुबा ऱ्हा. पळी वर धर!" नबीलालनं पळी वर धरली. खाली जाळ, मागं लाल अक्षरं आणि मध्ये हसणारा हवालदार, असा झकास फोटो आला.

पंधरा दिवसांनी तोच फोटो मुंबईच्या हायकोर्टात बाळासोच्या अर्जाला जोडलेला होता. असल्या माणसाच्या हाती गॅस देणं गावाच्या जिवाशी खेळ आहे, असं अर्जात म्हटलं होतं. कोर्टानं एजन्सीला स्थगिती दिली.

"माजंच मटण खाऊन माज्यावर केस?" नबीलाल बाळासोच्या दारात जाऊन गरजला.

"मटण झ्याक हुतं, न्हाय कुटं म्हंतोय? पर दुसऱ्या नंबरावर हाय मी. केस न्हाय घातली तर काय करू?"

मग तारखा सुरू झाल्या. गॅस नव्हता तर धोका कसला, असं नबीलालचे वकील विचारत. प्रश्न गॅसचा नाही, स्वभावाचा आहे, असं बाळासोचे वकील सांगत. दोघं पक्षकार मुंबईला एकाच एसटीनं जात आणि जरीनानं चुलीवर थापलेल्या भाकरी वाटून खात. अशी नऊ वर्षं गेली. जरीनाचा उजवा डोळा पार गेला. डावा तेवढा राहिला, तोही धूसर.

शेवटी निकाल लागला. सगळी निवडच रद्द, नव्यानं करा. नव्या निवडीत दोघांचंही वय बसेना, आणि एजन्सी गणपतरावांना मिळाली. ते फौजेतून नुकतेच परतलेले, सरळ गृहस्थ.

संध्याकाळी बाळासो आला. "आता भांडान मिटलं. दोगं मिळून गणपतरावावर केस घालू. वकील एकच, खर्च निम्मा."

नबीलालनं बायकोला विचारलं नाही. नऊ वर्षं स्थगिती त्याच्यावर आली होती. एकदा तरी ती आपण आणावी, असं त्याला फार वाटलं. त्यानं सही ठोकली. आणि खरोखरच, पहिल्याच तारखेला स्थगिती मिळाली. आयुष्यात पहिल्यांदाच कोर्टात जिंकलेला नबीलाल पेढे घेऊन घरी आला.

जरीना चुलीपुढं फुंकणी घेऊन बसली होती. पावलं ओळखून तिनं कमरेचा एक कागद काढून पुढं केला.

"तुमाला सांगितलं न्हाय, रागवाल म्हून. गणपतरावांकडं नाव घातलतं. पयला नंबर माजाच हाय. शेगडी कवा देणार, तेवडं वाचा की. मला दिसंना."

नबीलालनं कागद वाचला. दोनदा वाचला.

"सोमवारी," तो म्हणाला.

"ह्याच सोमवारी न्हवं?"

"व्हय."

"मग काय, चार दिस ऱ्हायले," ती म्हणाली आणि हसत हसत चूल फुंकू लागली. नबीलालनं पेढ्यांचा पुडा हळूच खिशात घातला.