पडून झाल्यावर दाबायचं बटण

“रात्रपाळी तशी बरी असते,” पुलिदोसाहेब म्हणाले. “गर्दी नाही, फोन नाही. डोकं शांत राहतं.”

डोकं आणि शांतता यांची यानिराच्या बाबतीत तिचा मुलगा हेरोनिमो जन्मल्यापासून गाठ पडली नव्हती. त्याला आता दात येत होते आणि रात्री आई शेजारी नसली की तो अख्ख्या गल्लीला जागरण घडवत असे. रात्रपाळी म्हणजे काय, हे तिला कुणी समजावून सांगायची गरज नव्हती.

“आज कॅमेरा येतोय, साहेब,” ती म्हणाली. “आज कळेलच.”

“कळलं तर उत्तम. नाही कळलं तर सोमवारपासून रात्रपाळी. बाटल्यांवर लक्ष ठेवायला तिथं माणूस हवाच आहे.”

दुइतामातल्या त्या कारखान्यात ‘दोरादीता’ नावाचं संत्र्याचं फसफसतं पेय बाटल्यांत भरलं जाई. जुलैपासून एक पीडा मागे लागली होती. झाकणं बसवायच्या यंत्रापाशी पट्ट्यावरून सुतासारखी चाललेली एखादी बाटली मध्येच आडवी व्हायची आणि आपल्यामागच्या सगळ्यांना घेऊन कोसळायची. काचा, फेस, चिकट फरशी, पट्टा बंद. साहेबांच्या मते कामगार निष्काळजी होते. कामगारांच्या मते जुलैत आलेल्या नव्या, सडपातळ बाटल्यांच्या पायात दम नव्हता. यानिरा होती तपासणी विभागाची इंजिनीअर. तिचं म्हणणं एवढंच की, कुणी पाहिलेलंच नाही तर भांडता कशावरून? म्हणून तिने महिनाभर साहेबांच्या मागे लागून बोगोताहून एका दिवसापुरता तो कॅमेरा मागवला होता.

कॅमेऱ्यासोबत विल्मर नावाचा तरुण आला. त्याने तिवई लावली, चार दांडगे दिवे उभे केले आणि यानिराच्या हातात वायरीचं एक बटण दिलं.

“पापणी लवते ना, तेवढ्या वेळाचा हा अख्खा सिनेमा काढतो,” तो म्हणाला. “बटण मात्र आधी दाबायचं नाही. बाटली पडू द्यायची, मग दाबायचं. मागचे काही सेकंद याने धरून ठेवलेले असतात.”

“म्हणजे पडून गेल्यावर दाबलं तरी आधीचं दिसतं?”

“तेच तर.”

यानिरा त्या बटणाकडे बघत राहिली. असलं काही दवाखान्यातून बाळासोबतच देत नाहीत, याचं तिला मनापासून वाईट वाटलं.

सकाळभर बाटल्या शाळेतल्या शहाण्या मुलांसारख्या रांगेत चालल्या. एक डुगडुगेल तर शपथ. पट्ट्याभोवती माणसं मात्र जमली. दुइतामाच्या थंडीत त्या दिव्यांची ऊब कुणाला नको होती? लोकरीचे जाड रुआने खांद्यावर टाकून लोक शेकायला उभे राहिले. झाकणांच्या यंत्रावरची नुबिया पोरीच्या लग्नाला निघाल्यासारखी केस मोकळे सोडून आली होती.

“बाटल्यांना काय बघायचंय त्यात,” ती विल्मरला म्हणाली. “माझे केस काढ. शाम्पूच्या जाहिरातीत बायका मान झटकतात नि केस ढगासारखे उडतात, ते यानेच काढतात ना?”

“यानेच.”

“मग?”

विल्मर कोवळ्या वयाचा होता. त्याने यानिराकडे पाहिलं. ती फोनवर सासूबाईंना विचारत होती, की पोराने गिळलंय ते नक्की मक्याच्या अरेपाचा तुकडाच ना, शर्टाचं बटण तर नाही. विल्मरने कॅमेरा वळवला. नुबियाने मान झटकली, आणि त्याने कॅमेऱ्यावरचीच कळ दाबली.

पुढच्याच क्षणी चारही दिव्यांचा भार न सोसून कारखान्याच्या अर्ध्या भागाची वीज गेली. पट्टा आणि कॅमेरा वेगळ्या वायरीवर होते म्हणून ते राहिले. गेली ती दिव्यांची, कॉफीच्या यंत्राची आणि पुलिदोसाहेबांच्या खोलीतल्या शेगडीची.

कॉफी गेल्याचं कारखान्याने एक वेळ सोसलं असतं. शेगडी गेल्याचं साहेब सोसणार नव्हते. ते सकाळपासून ‘ती सर्कस मला बघायची नाही’ म्हणून खोलीत बसून होते, ते आता तरातरा बाहेर आले. झाकणांच्या यंत्रापाशी क्षणभर थबकले, कार्मेनमाउलीच्या तसबिरीला रोजच्यासारखी बोटं लावली, बोटं ओठांना लावली, आणि दोन पावलं पुढे येऊन तोंड उघडलं. तोच मागे खळ्ळकन आवाज झाला.

बाटल्या पडल्या होत्या.

“दाबा,” यानिरा ओरडली, मग आपल्याच हातात बटण आहे हे आठवून तिने ते दाबलं. काहीच झालं नाही.

“आत्ता नाही चालणार,” विल्मर मान खाली घालून म्हणाला. “तो आधीचं साठवतोय. साठवताना तो आंधळा असतो.”

“आधीचं काय?”

विल्मरने नुबियाकडे पाहिलं. नुबियाने केस बांधले.

साहेबांनी पडद्यावर पाहिलं. तिथे नुबियाचे केस एकेक बट करून, मळ्यातल्या वाऱ्यावर उडावेत तसे, अतिशय संथ उडत होते.

“सुंदर,” साहेब म्हणाले. “बोगोताहून यंत्र आणलं आणि केस काढले. आणि बघा, मी आलो म्हणून बाटल्या पडलेल्या निदान दिसल्या. दर वेळी मीच येऊन बघतो. तुमच्या कुणाच्या लक्षात तरी येतं का?” आणि शेगडी सुरू करून घेऊन ते निघून गेले. दाराशी वळून म्हणाले, “पाचला गाडी कॅमेरा न्यायला येईल. सोमवारचं लक्षात आहे ना?”

दुपार झाली. दिवे दोनच ठेवले, कॅमेरा जवळ सरकवला. यानिराने बटण मुठीत धरलं ते जेवतानाही सोडलं नाही, एका हाताने चीजपाव खाल्ला. बाटल्या चालत राहिल्या, आणि एकीनेही जागा सोडली नाही.

“कॅमेऱ्याला घाबरतात,” नुबिया म्हणाली. आपल्यामुळे घोटाळा झाल्याचं तिला लागलं होतं, म्हणून ती आता बाटल्यांवर डोळे वटारून बसली होती.

चारच्या सुमारास यानिराने पुन्हा घरी फोन लावला.

“झोपलाय,” सासूबाई म्हणाल्या. “संतासारखा झोपलाय. तू उगाच काळजी करतेस.”

“दिवसभर झोपला तर रात्री—”

“अगं, दिवसभर कुठला झोपतोय. तुझे सासरे येऊ देत. ते आले की हा उठला म्हणून समज. येतात, मायेने गाल ओढतात, आणि मग मलाच म्हणतात, हे पोर सारखं रडतंच कसं, मी येतो तेव्हा रडतच असतं.”

यानिरा फोन कानाला तसाच धरून उभी राहिली.

मी येतो तेव्हा रडतच असतं. दर वेळी मीच येऊन बघतो.

तिने पट्ट्याकडे पाहिलं. बाटल्यांना बाजूने आधार देणारा लोखंडी कठडा पट्ट्याच्या वळणावर यंत्राला जोडलेला होता. त्या कठड्यावरच कार्मेनमाउलीची तसबीर घट्ट बसवली होती. जुलैत माउलीच्या सणाला पाद्रीबाबांनी यंत्रावर तीर्थ शिंपडलं, आणि भिंत ओली म्हणून साहेबांनीच तसबीर स्वतःच्या हाताने तिथे ठोकली होती. खाली फरशीवर पिवळी रेषा होती, आणि पाटी: ‘रेषेच्या आत हात घालू नये. हुकमावरून.’ कामगार रेषेबाहेरूनच क्रूसाची खूण करत. आत हात घालायची हिंमत असलेला माणूस कारखान्यात एकच होता. हुकूम त्याचाच होता.

“सासूबाई,” यानिरा म्हणाली, “मामंजींना सांगा, मी त्यांची आभारी आहे.”

“कशाबद्दल?” सासूबाई विचारत होत्या, पण फोन बंद झाला होता.

यानिराने नुबियाला बाजूला घेतलं. “साहेबांकडे जा. म्हणावं, बाईंनी हात टेकले, सर्कस बघायला या.”

“असं म्हणू?”

“असंच म्हण. लगेच येतील.”

नुबिया गेली. विल्मरने घड्याळाकडे पाहिलं. यानिराने बटण मुठीत पक्कं धरलं. हा अंदाज चुकला तर साहेबांना तिने आपल्या पराभवाचं स्वतःच आवतण दिलं होतं.

साहेब आले. वरातीतल्या वरबापासारखे आले, ओठांवर हसू, रुआन्याची घडी सारखी केलेली. यंत्रापाशी थबकले. पिवळ्या रेषेच्या आत वाकले, माउलीला बोटं लावली, ओठांना लावली, दोन पावलं पुढे आले.

“तर मग, इंजिनीअरबाई—”

खळ्ळकन झालं. यानिराने बटण दाबलं.

या वेळी कॅमेरा आंधळा नव्हता. सगळे भोवती गोळा झाले. प्रथम बाटल्या दिसल्या, माउलीच्या पायाशी हलक्याच सरकणाऱ्या. मग वरून एक हात आला. फार हळू आला, फार प्रेमाने आला, करंगळीतली हिरव्या खड्याची अंगठी लखलखली. बोटं तसबिरीला टेकली. तसबीर कापली, तिच्याखालचा कठडा कापला, ती थरथर कठड्यावरून सापासारखी सरकत वळणापर्यंत गेली, आणि तिथल्या बाटलीच्या मानेला तिने हलकेच एक टिचकी दिली. बाटली विचारात पडल्यासारखी झुकली. सावरली. पुन्हा झुकली. मग कोसळून फुटली. संत्र्याच्या रंगाचा फेस फुलासारखा उमलत वर चढला, आणि शेवटी पडद्याच्या कडेला साहेबांच्या मिशीवर एकेक थेंब येऊन बसला.

नुबिया पडद्याच्या अगदी जवळ गेली.

“हात फार छान आलाय,” नुबिया म्हणाली.

साहेबांनी उजवा हात रुआन्याच्या आत घेतला. “पुन्हा दाखव,” ते म्हणाले. विल्मरने दाखवलं. “पुन्हा.” विल्मरने पुन्हा दाखवलं. जिंकलेल्या माणसाने बोलू नये, हे यानिराला लग्नानंतर कळलं होतं.

अखेर साहेबांनी घसा साफ केला. “माउलीने दाखवून दिलं,” ते गंभीरपणे म्हणाले. “कठडा सैल आहे, हे माउली जुलैपासून सांगत होती. तुमच्या कुणाच्या लक्षात आलं नाही.”

“नाही आलं, साहेब,” यानिरा म्हणाली.

“आणि तुमच्यासारखी नजर रात्री फुकट घालवणं बरं नाही. दिवसा या. रोज.”

तसबीर भिंतीवर गेली, कठडा घट्ट झाला, आणि त्यानंतर एक बाटली पडली नाही. उलट विक्रीच्या लोकांनी तो उमलणारा फेस पाहिला आणि त्याचीच जाहिरात केली. गावोगावच्या टीव्हीवर तो संत्र्याचा फेस उसळू लागला. जाहिरातीत त्याआधी नुबियाचे केस उडत. तेव्हापासून नुबिया बाजारात गेली की लोक वळून बघत, आणि ती मान जरा जास्तच झटके. हाताचा भाग तेवढा साहेबांनी कापायला लावला.

पुढच्या महिन्यात एका सकाळी साहेब स्वतः यानिराच्या टेबलाशी आले.

“इंजिनीअरबाई, लेबलं वाकडी बसायला लागलीत. सारखी नाही, अधूनमधून. मी फेरीला गेलो की हमखास दिसतात. तो कॅमेरा पुन्हा मागवू या?”

यानिराने मान वर केली आणि फार नम्रपणे विचारलं, “लेबलांच्या यंत्रावर कोण आहेत, साहेब?”

साहेबांचा उजवा हात आपोआप रुआन्याच्या आत गेला.

“संत इसिद्रो,” ते म्हणाले. “थांबा. पाना घेऊन येतो.”