घारी, घार आणि घुबड

जर्मनीत, र्युसेल्सहाइमच्या आमच्या बिल्डिंगमधले नेनेकाका कुणाशीही बोलण्याआधी त्याच्या डोळ्यांत टॉर्च मारल्यासारखं बघतात. लग्नानंतर माझी बायको इथे आली, तेव्हा म्हणाले, "तपकिरी. बरं, बसा." ती अजून त्यांच्याकडे एकटी जात नाही.

काका गाड्यांच्या कारखान्यात क्वालिटी इन्स्पेक्टर होते. रिटायर झाले, पण संशय काही रिटायर झाला नाही. बेकरीत पावसुद्धा उलटा करून बघतात. कशावरही एकच म्हणणं, "कुठेतरी पाणी मुरतंय!"

मागच्या वर्षी हे गृहस्थ संध्याकाळच्या वर्गात प्राचीन ग्रीक शिकायला लागले. दर मंगळवारी भांग पाडून, अत्तर लावून! ग्रीक कसलं डोंबलाचं? मला तर बाईचा संशय आला. काकू जाऊन तीन वर्षंही झाली नव्हती, म्हणून रागही आला. शेवटी घरी जाऊन विचारलंच.

"अरे, एका शब्दापायी चाललंय. ग्लाउकोपिस. जुन्या काव्यात एका देवीचं विशेषण आहे. अमक्या डोळ्यांची, इथवर भांडण नाही. पण कसल्या? एक प्रोफेसर म्हणतो तेजस्वी, दुसरा म्हणतो घाऱ्या. तिसरा म्हणतो, ग्लाउक्स म्हणजे घुबड, म्हणून घुबडाच्या! देवीला कुणी घुबड म्हणेल? हे लोक काहीतरी दडवतायत."

"पण तुम्हाला काय करायचंय त्याचं?"

काकांनी डिक्शनरी घाईघाईने मिटली. आतून एका तरुणीचा फोटो पडला. बाई सापडली, म्हणून मी झडप घातली. काकू होत्या. ब्लॅक अँड व्हाइट फोटो, डोळ्यांचा रंग कळत नव्हता.

"लग्नाच्या पहिल्याच आठवड्यात मी कौतुकाने तिला घारी म्हटलं," काका म्हणाले. "तिचा चेहराच पडला. म्हणाली, 'अहो, म्हणजे त्या आकाशातल्या घारीसारखी?' शब्द कुठून आला, मला काय ठाऊक! म्हटलं, बघून सांगतो. राहूनच गेलं रे. मग एका पुस्तकात ग्रीकांचं तेच भांडण दिसलं. वाटलं, यांचं सुटलं तर आमचंही सुटेल."

मी फोटो त्यांच्या हातात परत दिला.

"काकूंनी मला सांगितलं होतं," मी म्हणालो. "हे मला घारी म्हणाले, ते फार आवडलं होतं म्हणाल्या."

काकूंनी मला असलं काही कधीच सांगितलं नव्हतं.

काकांनी माझ्या डोळ्यांत टॉर्च मारला. मी पापणी हलवली नाही. पण शेवटी माझीच नजर खाली गेली.

"असं म्हणाली? बरं," काका म्हणाले आणि फोटो पुसायला लागले. कुठे पाणी मुरतंय का, ते त्यांनी विचारलं नाही.