रावसाहेबांचं नाक

वाशीमच्या कचेरीत भेसळीचा खटला निघाला की रावसाहेब आधी पंखा ओढणाऱ्याला थांबवत. मग तुपाचा डबा नाकाशी धरून डोळे मिटत. रावसाहेब ऑनररी मॅजिस्ट्रेट होते आणि मी त्यांचा कारकून. ते जाऊन महिना झाला, पण पंखा थांबला की मी अजून टाक खाली ठेवतो.

शिक्षेचं त्यांचं स्वतःचं माप होतं. दुधात पाणी घालणाऱ्याला दंड, आणि भरकोर्टात तेच दूध त्याला पाजत. तुपात चरबी घालणाऱ्याला मात्र कैद. वकील दयेचं बोलू लागले की म्हणत, "दया तुमच्याकडे ठेवा. नाक खोटं बोलत नाही." अत्तर लावून येणाऱ्याला ते बाहेर काढत. एका वकिलाला त्यांनी दारातूनच परत पाठवलं. त्याच्या कानातला फाया मलाही दिसला होता. तरी मी त्यांच्या नाकाचंच कौतुक केलं.

मग रिठदची साळूबाई आली. एक म्हैस, आणि बाजाराच्या दिवशी तूप विकणं, एवढाच तिचा संसार. तुपाचा रंग काळपट पाहून इन्स्पेक्टरनं डबा जप्त केला होता.

"साहेब, चरबी कायले घालू मी? म्हैस सुटली, तिच्यामागं धावली, तवर तूप करपलं. मले जेलात टाकलं त म्हशीले कोन पाहीन? वास त घ्या."

पंखा थांबला. झाकण निघताच करपट वास माझ्या टेबलापर्यंत आला. दारातल्या शिपायानं धोतराचा सोगा नाकाला लावला. रावसाहेब बराच वेळ हुंगत राहिले.

"करपल्याचा वास नाही," ते म्हणाले. "चरबीच आहे. तीन महिने."

मी टाक दौतीत बुडवला आणि तसाच धरून बसलो.

साळूबाई त्यांच्याकडे पाहत होती. रागानं नव्हे. "साहेब," ती हळू आवाजात म्हणाली, "कवापासून येत नाही वास?"

रावसाहेबांनी डबा खाली ठेवला. झाकण नीट बसवलं. "तापाची साथ आली होती, तेव्हापासून."

"बाईसाहेब त्यातच गेल्या?"

त्यांनी मान हलवली. मग माझ्याकडे न पाहता म्हणाले, "लिहा. आरोपी निर्दोष."

दुसऱ्या दिवशी त्यांनी राजीनामा दिला. आपण कैदेत पाठवलेल्यांची नावं माझ्याकडून उतरवून घेतली. त्यांतले दोघे वारले होते. तेही मी लिहिलं. लिहायला नको होतं.

"मग इतकी वर्षं हुंगत का राहिलात?" मी एकदा धीर करून विचारलं.

"आमची ही शुक्रवारी लोणी कढवायची. वास फाटकापर्यंत यायचा," ते म्हणाले. "वाटायचं, एखाद्या डब्यातून येईल परत."

ही गोष्ट मी साळूबाईला सांगितली. तेव्हापासून ती बाजाराच्या दिवशी लोणी घेऊन त्यांच्या घरी येई आणि त्यांच्याच चुलीवर कढवी. रावसाहेब स्वयंपाकघराच्या दारात खुर्ची टाकून डोळे मिटून बसत.

"आता पानी आटून राह्यलं, साहेब. आंबूस वास गेला."

"हं."

"आता बेरी तांबडी होऊन राह्यली. खमंग सुटला पाहा."

"फाटकापर्यंत गेला असेल?"

"गेला ना. रस्त्यावरचा माणूस थांबला."

रस्त्यावर कोणी नसे.

ते गेले त्या आठवड्यात ती नेहमीसारखी आली. तिला काही कळलं नव्हतं. मी घराची आवराआवर करत होतो; मीच सांगितलं. ती लोण्याचं भांडं धरून उभी राहिली. मग तिनं चूल पेटवली. मी दारातल्या त्या खुर्चीवर बसलो. पाणी आटलं, बेरी तांबडी झाली, मग काळी पडू लागली. वास दोघांनाही येत होता. तूप उतरवायला कोणीच उठलं नाही.